रसायनाच्या बाटलीवरचे लेबल कसे वाचावे

मिथेनॉल आणि इथेनॉल शेजारी शेजारी ठेवले, तर नुसत्या डोळ्यांना फरक कळत नाही. दोन्ही पाण्यासारखे नितळ, वासही बराचसा सारखा, आणि दोन्ही झटकन पेट घेतात. फरक लेबलवर असतो. इथेनॉलच्या बाटलीवर ज्वाळेचे चिन्ह असते, बहुधा सोबत एक उद्गारचिन्ह. मिथेनॉलच्या बाटलीवर ज्वाळेच्या बाजूला कवटी असते आणि तिसऱ्या चौकटीत छातीवर चांदणी उमटलेली माणसाची आकृती. मिथेनॉल पोटात, श्वासात किंवा त्वचेतून पुरेसे गेले तर दृष्टी जाऊ शकते, जीवही जाऊ शकतो. ज्वाळा पाहून ‘स्पिरिटच आहे’ असे ठरवणाऱ्याने पुढची दोन चिन्हे पाहिलेलीच नसतात.

लेबल वाचणे म्हणजे चित्रे ओळखणे नव्हे. चित्र धोक्याची जात सांगते. तो किती मोठा आहे, शरीरात कोणत्या वाटेने शिरतो आणि काय करायचे, हे सगळे चित्राखालच्या बारीक अक्षरांत असते. म्हणून हा लेख चिन्हांवर थांबत नाही. बाटली हातात घेतल्यापासून ती रिकामी होईपर्यंत काय, कोणत्या क्रमाने वाचायचे आणि वाचून काय करायचे, ते इथे मांडले आहे.

आधी या पद्धतीविषयी थोडे. पूर्वी एकच पदार्थ एका देशात ‘विषारी’ ठरायचा आणि दुसऱ्या देशात त्यावर साधी सूचनाही नसायची. १९९२च्या रिओ परिषदेत सर्वांसाठी एकच पद्धत करावी असे ठरले आणि संयुक्त राष्ट्रांनी २००३ मध्ये ती प्रसिद्ध केली. तिला जीएचएस (ग्लोबली हार्मोनाइझ्ड सिस्टिम, म्हणजे जगभर एकसारखी केलेली पद्धत) म्हणतात आणि दर दोन वर्षांनी तिच्यात सुधारणा होते. प्रत्येक देश तिच्यातला आपल्याला हवा तो भाग स्वीकारतो, त्यामुळे लेबलांत थोडाफार फरक राहतो. पांढऱ्यावर काळे चित्र आणि भोवती लाल किनारीचा, टोकावर उभा असलेला चौकोन ही तिची ओळख. नारिंगी चौकोनातली काळी चित्रे दिसली, तर लेबल जुन्या युरोपीय पद्धतीचे आहे. ती २०१५-१७ पर्यंत मागे पडली, तेव्हा अशी बाटली किती वर्षे कपाटात पडून आहे याचाही अंदाज येतो. त्या जुन्या लेबलांवरची काळी फुली आता वापरात नाही. तिची जागा बरीचशी उद्गारचिन्हाने घेतली.

पहिली पायरी: लेबल पुरे आहे का?

जीएचएस लेबलवर सहा गोष्टी असायला हव्यात: पदार्थाचे नाव, पुरवठादाराचे नाव-पत्ता-फोन, संकेतशब्द (‘डेंजर’ किंवा ‘वॉर्निंग’), चिन्हे, धोक्याची वाक्ये आणि काळजीची वाक्ये. यातली एखादी नसेल तर त्यामागे कारण असू शकते. धोका सौम्य असेल तर संकेतशब्द नसतो, काही धोक्यांना चिन्हच नाही. पण नाव किंवा पुरवठादारच नसेल, किंवा लेबल ओघळांनी पुसले गेले असेल, तर ती बाटली ‘अनोळखी’ समजायची. वास घेऊन, थेंब चोळून किंवा थोडे पेटवून ओळख पटवायला जाऊ नये. ती वेगळी ठेवावी, तिच्यावर ‘अनोळखी, वापरू नये’ असे लिहावे आणि रासायनिक कचऱ्याची विल्हेवाट लावणाऱ्यांकडे द्यावी.

दुसरी पायरी: नाव, क्रमांक आणि तीव्रता

रसायनांची नावे फसवी असतात. मिथेनॉल, मेथॅनल आणि मिथेन ही तीन वेगळी रसायने आहेत. म्हणून नावाखालचा कॅस क्रमांक बघण्याची सवय लावावी. प्रत्येक पदार्थाचा हा क्रमांक वेगळा असतो. ॲसिटोन ६७-६४-१, मिथेनॉल ६७-५६-१, कॉस्टिक सोडा १३१०-७३-२, सल्फ्युरिक आम्ल ७६६४-९३-९. पहिल्या दोन क्रमांकांत किती थोडा फरक आहे ते पाहा. अर्धवट वाचला तर ॲसिटोनच्या जागी मिथेनॉल येईल.

क्रमांक उतरवताना चूक झाली का, हे त्याच क्रमांकावरून तपासता येते. शेवटचा अंक बाजूला ठेवा. उरलेल्या अंकांना उजवीकडून अनुक्रमे १, २, ३, ४ असे गुणा आणि बेरीज करा. बेरजेतला एकम स्थानचा अंक शेवटच्या अंकाशी जुळला पाहिजे. ॲसिटोनसाठी ४×१ + ६×२ + ७×३ + ६×४ = ६१, एकम स्थानी १, म्हणजे बरोबर. मात्र मिथेनॉलची बेरीजही ६१च येते. म्हणजे या तपासणीतून लिहिण्यातली चूक सापडते, चुकीची बाटली उचललेली सापडत नाही.

तीव्रता हा तितकाच महत्त्वाचा आकडा, आणि तोच सर्वांत जास्त वेळा वगळला जातो. युरोपीय वर्गीकरणात कॉस्टिक सोड्याचे द्रावण ५ टक्के किंवा त्याहून तीव्र असेल तर ते सर्वांत वरच्या वर्गाचे दाहक, २ ते ५ टक्क्यांपर्यंतही दाहकच, आणि ०.५ ते २ टक्क्यांत नुसते त्वचा-डोळ्यांची जळजळ करणारे मानले जाते. हायड्रोजन पेरॉक्साइडचेही तसेच. ८ टक्क्यांपासून ते डोळ्यांना कायमची इजा करू शकते, ५० टक्क्यांपासून आग भडकवणारा ऑक्सिडायझर ठरते. ३ टक्क्यांच्या आणि ५० टक्क्यांच्या बाटलीवर रसायनाचे नाव एकच असते, चिन्हे मात्र वेगळी. म्हणून ‘हे आधी वापरले आहे’ म्हणण्याआधी टक्केवारी जुळते का ते पाहावे.

तिसरी पायरी: संकेतशब्द

हे दोनच आहेत. ‘डेंजर’ म्हणजे तीव्र धोका, ‘वॉर्निंग’ म्हणजे त्यामानाने कमी. एका लेबलवर यातला एकच छापतात. पदार्थाला एक जरी ‘डेंजर’ पातळीचा धोका असेल, तरी ‘वॉर्निंग’ लिहीत नाहीत. त्यामुळे ‘डेंजर’ वाचल्यावर तो कोणत्या धोक्यासाठी आहे, हे खाली वाचून शोधावे लागते. तीन चिन्हांपैकी एकाचाच धोका तीव्र आणि बाकी दोन सौम्य असू शकतात. ‘वॉर्निंग’ला मात्र ‘फारसे काही नाही’ असे समजू नये. कर्करोगाचा संशय असलेले पदार्थ याच शब्दाखाली येतात.

चौथी पायरी: नऊ चिन्हे, आणि प्रत्येकात लपलेला फरक

फुटणारा बॉम्ब. स्फोटके आणि स्वतःहून स्फोटक विघटन होणारे काही पदार्थ. प्रयोगशाळेत याची सर्वांत जास्त भीती सुकलेल्या पिक्रिक आम्लाची. ते पाण्याने ओले ठेवलेले असते तोवर तुलनेने शांत असते, सुकले की धक्क्याने किंवा घर्षणाने फुटू शकते. झाकणाभोवती पिवळे स्फटिक दिसले तर झाकण फिरवू नका, बाटली हलवू नका. खोली मोकळी करून तज्ज्ञांना बोलवा.

ज्वाळा. पेट्रोल, ॲसिटोन, थिनर, स्प्रेचे डबे यांवर हे दिसते, म्हणून सगळ्यांना ते ओळखीचे वाटते. पण या चिन्हाखाली निरनिराळ्या स्वभावाचे पदार्थ येतात. काही ठिणगीने पेटतात. काही हवा लागताच आपोआप पेटतात. सोडियमसारखे काही पाण्याशी भिडून ज्वलनशील वायू सोडतात. या शेवटच्या प्रकाराची आग विझवायला पाणी मारले तर ती भडकते. चित्र तेच असते, वेगळेपण फक्त वाक्यात असते.

ज्वलनशील द्रवांचे वर्ग फ्लॅश पॉइंटवर ठरतात. म्हणजे ज्या किमान तापमानाला द्रवावर पेट घेण्याइतकी वाफ साठते ते तापमान. ते २३ अंश सेल्सिअसपेक्षा कमी असेल तर संकेतशब्द ‘डेंजर’. त्यातही उत्कलनबिंदू ३५ अंश किंवा त्याहून खाली असेल तर पहिला वर्ग, वर असेल तर दुसरा. २३ ते ६० अंशांपर्यंत तिसरा वर्ग आणि ‘वॉर्निंग’. ॲसिटोनचा फ्लॅश पॉइंट शून्याखाली सुमारे २० अंश आहे, म्हणजे कडाक्याच्या थंडीतही त्याची वाफ पेटते. ही वाफ हवेपेक्षा जड असते. ती जमिनीलगत पसरत जाते आणि दूरच्या ठिणगीपर्यंत पोहोचून आग मागे बाटलीपर्यंत आणते. आता खरी गोम: ६० ते ९३ अंशांच्या चौथ्या वर्गाला चिन्हच नाही आणि युरोपने तो वर्ग स्वीकारलेलाही नाही. तेव्हा ज्वाळा छापलेली नाही म्हणून द्रव पेटणार नाही असे धरू नये. तापवल्यावर तो पेटतो.

वर्तुळावर ज्वाळा. घाईत वरच्या चिन्हासारखेच दिसते, अर्थ मात्र निराळा. हा पदार्थ स्वतः जळेलच असे नाही, पण दुसऱ्याच्या आगीला तो ऑक्सिजन पुरवतो. पोटॅशियम परमँगनेट, अमोनियम नायट्रेट, तीव्र नायट्रिक आम्ल, ऑक्सिजनचे सिलिंडर ही उदाहरणे. आग गुदमरवून विझवण्याचा प्रयत्न इथे फसतो, कारण ऑक्सिजन आतूनच येत असतो. असा द्रव सांडला तर कापडाने किंवा लाकडाच्या भुशाने टिपू नका, तो बोळाच नंतर पेटू शकतो. पोहण्याच्या तलावात वापरल्या जाणाऱ्या क्लोरीनचेही दोन वेगळे प्रकार असतात, कॅल्शियम हायपोक्लोराइट आणि ट्रायक्लोर. दोन्हींच्या डब्यावर ‘क्लोरीन’ लिहिलेले असते. ते एकमेकांत मिसळले आणि त्यात ओल गेली तर आग लागते किंवा स्फोट होतो. दोन्हींसाठी एकच माप किंवा एकच डाव वापरणे हीसुद्धा मिसळण्याचीच एक वाट आहे.

आडवे सिलिंडर. दाबाखालचा वायू. तापल्यावर सिलिंडर फुटू शकते, आणि अतिथंड द्रव वायू असेल तर त्वचा गोठते. पण नायट्रोजन, आर्गॉन, कार्बन डायऑक्साइड यांचा सर्वांत घातक गुण या चित्रात नाही. ते खोलीतल्या ऑक्सिजनची जागा घेतात. एक लिटर द्रव नायट्रोजनची वाफ झाली की सुमारे ७०० लिटर वायू होतो. हवेत साधारण २०.९ टक्के ऑक्सिजन असतो, १९.५ टक्क्यांखाली हवा धोकादायक मानतात. नायट्रोजन किंवा आर्गॉन असेल तर माणसाला गुदमरल्याची चाहूलही लागत नाही, तो सरळ कोसळतो, आणि त्याला उचलायला धावत आत गेलेला दुसराही कोसळतो. बंद खोलीत, तळघरात किंवा लिफ्टमध्ये हे चिन्ह दिसले तर आधी हवा खेळती आहे का ते पाहावे.

हात आणि धातू खाणारा थेंब. याचे तीन अर्थ होतात: धातू गंजवणारा, त्वचा जाळणारा, डोळ्यांना कायमची इजा करणारा. यातला कोणता लागू आहे ते वाक्यातून कळते. एखाद्या बाटलीवर हे चिन्ह फक्त धातूसाठी असते, दुसऱ्या बाटलीतला थेंब डोळ्यात गेला तर दृष्टी जाते.

या चिन्हात आम्ल आणि अल्कली असा भेदही नाही. तीव्र सल्फ्युरिक आम्लावर आणि कॉस्टिक सोड्यावर चित्र एकच असते. ‘दाहक पदार्थ’ अशी पाटी लावून दोन्ही एका कप्प्यात ठेवणारे त्यामुळेच फसतात. बाटल्या फुटून ती एकत्र आली की जोरात उष्णता निघते आणि द्रव उसळतो. डोळ्याच्या बाबतीत अल्कली जास्त दगाबाज असते. आम्ल पुष्कळदा वरच्या थरात अडते, अल्कली आत खोलवर शिरत जाते.

हायड्रोफ्लुओरिक आम्लासाठी वेगळे थांबायला हवे. त्यावर दाहकाचे चिन्ह आणि कवटी दोन्ही असतात. सौम्य द्रावण लागले तर वेदना कित्येक तास उशिराने सुरू होते, आणि तोवर ते आत जाऊन रक्तातले कॅल्शियम ओढून घेत असते. कॅल्शियम ग्लुकोनेटची जेल हाताशी असल्याशिवाय ही बाटली उघडूच नये.

कवटी. थोड्या मात्रेत, थोड्या वेळात विषबाधा. तोंडावाटे जाणाऱ्या विषाचे वर्ग प्राण्यांच्या शरीराच्या वजनानुसार ठरवलेल्या प्राणघातक मात्रेवर असतात. दर किलोग्रॅमला ५ मिलिग्रॅमपर्यंत पहिला वर्ग, ५० पर्यंत दुसरा, ३०० पर्यंत तिसरा. या तिघांनाही कवटी आणि ‘डेंजर’. म्हणजे एकाच चित्राखाली साठ पटींचा फरक सामावलेला आहे. ३०० ते २००० मधला चौथा वर्ग कवटी सोडून उद्गारचिन्हाखाली जातो. दर किलोला ३१० मिलिग्रॅम मात्रेचा पदार्थ कागदोपत्री कवटीमुक्त असतो, म्हणून तो निर्धोक होत नाही.

उद्गारचिन्ह. सर्वांत जास्त दुर्लक्षित आणि आमच्या मते सर्वांत जास्त गैरसमज झालेले चिन्ह. जळजळ, गुंगी, सौम्य विषबाधा, त्वचेची ॲलर्जी एवढे सगळे याच्याखाली येते. ओझोन थराला हानी पोहोचवणाऱ्या पदार्थांनाही हेच चिन्ह. यातली ॲलर्जी साधी समजू नये. अजून घट्ट न झालेले इपॉक्सी रेझिन हातांना वारंवार लागत राहिले की एखाद्या दिवशी शरीर त्याला कायमचे नाकारते. त्यानंतर अगदी थोडासा संपर्कही चट्टे उठवतो. ही संवेदनशीलता सहसा आयुष्यभर राहते आणि काहींना कामच बदलावे लागते. ‘त्वचेची ॲलर्जी होऊ शकते’ हे वाक्य दिसले तर पहिल्या दिवसापासून हातमोजे घालायचे.

छातीवर चांदणी असलेला माणूस. याचे परिणाम पुष्कळदा उशिरा दिसतात: कर्करोग, जनुकांतले बदल, प्रजननावर परिणाम, एखाद्या अवयवाचे नुकसान, श्वसनाची ॲलर्जी. वाक्यातली क्रियापदे इथे नीट वाचावीत. ‘कर्करोग होऊ शकतो’ आणि ‘कर्करोग होत असल्याचा संशय आहे’ ही पुराव्याच्या दोन वेगळ्या पातळ्यांची वाक्ये आहेत. पहिल्याला ‘डेंजर’, दुसऱ्याला ‘वॉर्निंग’.

याच चिन्हाखाली एक तातडीचा धोकाही आहे, आणि तो फार कमी जणांना माहीत असतो. रॉकेल, टर्पेंटाइन, दिव्याचे तेल असे पातळ द्रव गिळले तर पोटापेक्षा फुप्फुसाला जास्त धोका असतो. खोकला किंवा उलटीच्या वेळी थेंब श्वासनलिकेत उतरतात आणि रासायनिक न्यूमोनिया होतो. लेबलवर ‘गिळल्यास आणि श्वसनमार्गात गेल्यास प्राणघातक ठरू शकते’ असे वाक्य असते (त्याचा कोड एच ३०४). अशा वेळी उलटी मुळीच करवू नका. मिठाचे पाणी पाजू नका, घशात बोटे घालू नका. थेट रुग्णालय गाठा आणि बाटली सोबत न्या.

सुकलेले झाड आणि मासा. जलचरांसाठी विषारी. हे दिसले तर उरलेला द्रव मोरीत किंवा गटारात ओतायचा नाही. अमेरिकेच्या कामगार-सुरक्षा नियमांत हे चिन्ह सक्तीचे नाही, म्हणून तिकडच्या लेबलवर ते नसले तरी धोका असू शकतो. पाण्याला दीर्घकाळ हानी करणाऱ्या सौम्य वर्गांनाही फक्त वाक्य असते, चिन्ह नसते.

एक नियम आणखी कळला की पुष्कळ गोंधळ मिटतो. मोठे चिन्ह लहानाला झाकते. विषबाधेसाठी कवटी असेल तर त्याच कारणासाठी उद्गारचिन्ह छापत नाहीत. दाहकाचे चिन्ह असेल तर त्वचा-डोळ्यांच्या जळजळीचे उद्गारचिन्ह गळते. त्यामुळे चिन्हे मोजून ‘याला दोन, त्याला तीन, म्हणजे हा बरा’ अशी तुलना करता येत नाही.

पाचवी पायरी: धोक्याची वाक्ये

प्रत्येक वाक्याला एच अक्षर आणि तीन आकडे असा कोड असतो. पहिला आकडा २ असेल तर आग-स्फोटासारखा भौतिक धोका, ३ असेल तर आरोग्याचा, ४ असेल तर पर्यावरणाचा. पुष्कळ लेबलांवर कोड छापत नाहीत, नुसते वाक्य असते. तसे चालते.

आरोग्याच्या वाक्यांत दोन गोष्टी शोधा, वाट आणि तीव्रता. एच ३००, ३०१, ३०२ म्हणजे गिळल्याने. ३१०, ३११, ३१२ म्हणजे त्वचेतून. ३३०, ३३१, ३३२ म्हणजे श्वासातून. प्रत्येक तिकडीत उतरता क्रम आहे: प्राणघातक, विषारी, अपायकारक. इंग्रजी लेबलवर ते ‘फेटल’, ‘टॉक्सिक’, ‘हार्मफुल’ असे दिसतील. मिथेनॉलच्या लेबलवर एच २२५, ३०१, ३११, ३३१ आणि ३७० असतात. उलगडून वाचा: अतिशय ज्वलनशील द्रव व वाफ. गिळल्यास, त्वचेला लागल्यास आणि श्वासात गेल्यास विषारी. अवयवांना इजा करतो. म्हणजे मिथेनॉलसोबत काम करताना नुसती ठिणगी टाळून भागत नाही. हातमोजे हवेत आणि वाफ बाहेर ओढणारी सोयही हवी.

सहावी पायरी: काळजीची वाक्ये

यांचा कोड पी अक्षराने सुरू होतो. पी १०० मालिका सर्वसाधारण, २०० प्रतिबंधाची, ३०० अपघातानंतरच्या कृतीची, ४०० साठवणीची, ५०० विल्हेवाटीची. ३०० ची वाक्ये बाटली उघडण्याआधी वाचायची असतात. डोळ्यात थेंब गेल्यावर ती वाचता येणार नाहीत.

पी ३०५, ३५१ आणि ३३८ जोडून येणारे वाक्य पाठच असावे: डोळ्यात गेल्यास काही मिनिटे पाण्याने हळुवार धुवा. कॉन्टॅक्ट लेन्स असतील आणि सहज निघत असतील तर काढा. धूत राहा. लेबल ‘काही मिनिटे’ म्हणते, दाहक पदार्थासाठी प्रत्यक्षात किमान १५ मिनिटे आणि अल्कलीसाठी त्याहून जास्त वेळ धुवावे. पापण्या बोटांनी उघड्या धराव्यात, कारण डोळा आपसूक घट्ट मिटतो आणि पाणी आत पोहोचतच नाही. आम्ल गेले म्हणून अल्कली घालून उतारा करू नये.

हातमोज्यांचे वाक्य अर्धेच असते. ‘संरक्षक हातमोजे घाला’ म्हणते, कोणते ते सांगत नाही. पातळ नायट्राइल मोजा पुष्कळ कामांना चांगला, पण ॲसिटोन त्यातून फार लवकर आरपार जाते. तिथे ब्युटाइल रबर लागते. हे सेफ्टी डेटा शीटच्या, म्हणजे पुरवठादार रसायनासाठी देतो त्या सविस्तर माहितीपत्रकाच्या, आठव्या विभागात मिळते. शीटचे एकूण सोळा विभाग असतात. रोजच्या कामाला २ (धोके), ४ (प्रथमोपचार), ७ (हाताळणी व साठवण), ८ (संरक्षक साधने) आणि १० (कशाशी मिसळू नये) एवढे पाच आधी वाचले तरी बरेच निभावते. लेबलवर जागा नसते म्हणून काळजीची वाक्ये निवडून छापतात. युरोपीय नियमात साधारणपणे सहापेक्षा जास्त नसावीत असे आहे. लेबलवर नाही म्हणजे ती काळजी नको, असे नाही.

ब्लीचच्या बाटलीवरची एक सूचना इथेच सांगायला हवी: ‘आम्लाशी संपर्क आल्यास विषारी वायू सुटतो.’ संडास साफ करायच्या आम्लयुक्त द्रवात ब्लीच ओतले की क्लोरीन वायू निघतो. ब्लीच आणि अमोनिया एकत्र आले की क्लोरामाइन. बंद न्हाणीघरात दोन्ही घातक आहेत. दोन्ही बाटल्यांवर ही सूचना असतेच असे नाही, म्हणून एकाच वेळी एकच उत्पादन वापरावे आणि मध्ये भरपूर पाण्याने धुवावे.

दुसऱ्या पद्धतींची चिन्हे: आकडे उलटे वाचू नका

इमारतीच्या दारावर किंवा टाकीवर निळा, लाल, पिवळा, पांढरा असा चार रंगांचा चौकोन दिसतो. ती एनएफपीए ७०४ पद्धत, अमेरिकेतल्या अग्निसुरक्षा संघटनेने आग विझवायला येणाऱ्या लोकांसाठी केलेली. निळ्यात आरोग्य, लालमध्ये ज्वलनशीलता, पिवळ्यात अस्थिरता, पांढऱ्यात विशेष सूचना. आडवी रेघ मारलेला डब्ल्यू म्हणजे पाणी वापरू नका. यात ० म्हणजे किमान आणि ४ म्हणजे कमाल धोका. जीएचएसच्या वर्गांत मात्र १ हा सर्वांत वाईट. सेफ्टी डेटा शीटमध्ये ‘वर्ग १’ वाचून कोणी चौकोनात निळ्या रंगात १ लिहिले, तर जबर विषारी पदार्थ जवळजवळ निरुपद्रवी म्हणून नोंदला जातो. ही चूक अनेक ठिकाणी होते.

ट्रक आणि ड्रमवरचे, बहुधा रंगाने भरलेले चौकोन वाहतुकीचे असतात. खालच्या कोपऱ्यात १ ते ९ मधला वर्ग असतो: २ वायू, ३ ज्वलनशील द्रव, ६ विषारी व संसर्गजन्य, ७ किरणोत्सारी, ८ दाहक. सोबतचा चार अंकी यूएन (संयुक्त राष्ट्रांचा) क्रमांक नेमका पदार्थ सांगतो. पेट्रोल १२०३, निर्जल अमोनिया १००५, क्लोरीन १०१७, तीव्र सल्फ्युरिक आम्ल १८३०. काही देशांत नारिंगी पाटीवर हा क्रमांक खाली आणि धोक्याचा क्रमांक वर असतो. वरचा अंक दोनदा आला (३३) तर धोका जास्त, आधी एक्स अक्षर असेल तर पाण्याशी घातक प्रक्रिया. अपघातस्थळी मदतीसाठी फोन करताना हा चार अंकी क्रमांक दुरून वाचून सांगितला, तर येणारे पथक योग्य तयारीने येते. वाचण्यासाठी जवळ जाऊ नये.

किरणोत्साराचे तीन पाकळ्यांचे चिन्ह आणि जैविक धोक्याचे चिन्ह जीएचएसमध्ये येत नाहीत. औषधे, सौंदर्यप्रसाधने यांवरही वापरण्याच्या टप्प्यावर हे लेबल लागत नाही. चिन्ह नसलेली बाटली कदाचित या पद्धतीबाहेरची असेल.

दुसऱ्या बाटलीत ओतताना

बहुतेक गोंधळ इथे सुरू होतो. मूळ बाटलीवर सगळे असते, लहान बाटलीवर काहीच नसते. पेय किंवा खाद्यपदार्थाच्या बाटलीत रसायन कधीही भरू नये, लेबल लावूनसुद्धा नाही. तहानलेला माणूस लेबल वाचत नाही, मूल तर नाहीच.

१. ओतण्याआधी रिकाम्या बाटलीला लेबल लावा. भरल्यावर लावू म्हटले की राहून जाते.

२. लिहायचे ते असे: पूर्ण नाव (रेणुसूत्र किंवा लघुरूप नव्हे), तीव्रता, संकेतशब्द, चिन्हे, मुख्य धोका एका वाक्यात, तयार केल्याची तारीख आणि करणाऱ्याचे नाव.

३. लेबल बाटलीच्या अंगावर लावा, झाकणावर नाही. झाकणे अदलाबदल होतात.

४. शाई त्या द्रवाने पुसली जाणार नाही ना ते बघा. ॲसिटोन आणि अल्कोहोल मार्करची अक्षरे क्षणात उडवतात. पेन्सिलने लिहा, किंवा लेबलवर पारदर्शक टेप चिकटवा.

५. ओतताना लेबल तळहाताकडे, वरच्या बाजूला ठेवा. ओघळ उलट्या बाजूने जातो आणि अक्षरे शाबूत राहतात.

डायएथिल ईथर आणि टेट्राहायड्रोफ्युरान यांच्यावर दोन तारखा लिहाव्यात, मिळाल्याची आणि उघडल्याची. हवा लागल्यावर त्यांत हळूहळू स्फोटक पेरॉक्साइड तयार होतात. उघडल्याची तारीखच नसलेली जुनी ईथरची बाटली सापडली, तर ती पिक्रिक आम्लासारखीच वागवायची.

साठवताना

नावाच्या वर्णक्रमाने ठेवू नका, धोक्याच्या जातीने ठेवा. ज्वलनशील एकीकडे, ऑक्सिडायझर दुसरीकडे, आम्ले आणि अल्कली वेगळ्या ट्रेमध्ये, पाण्याशी भडकणारे कोरड्या जागी, कवटीवाले कुलपात. दोन चिन्हे असलेल्या बाटलीसाठी दोन्हींचा विचार करावा लागतो. नायट्रिक आम्ल हे आम्लही आहे आणि ऑक्सिडायझरही. ग्लेशियल (जवळजवळ पाणी नसलेले) ॲसेटिक आम्ल हे आम्लही आहे आणि ज्वलनशीलही. ‘आम्ले’ म्हणून दोन्ही एका फळीवर ठेवली आणि गळली, तर आग लागू शकते. ब्लीचही आम्लांपासून दूर हवे. द्रवाखालच्या ट्रेत सर्वांत मोठ्या बाटलीच्या ११० टक्के तरी मावायला हवे. दाहक द्रव डोळ्यांच्या उंचीच्या वर ठेवू नयेत. वरच्या फळीवरून उतरवताना गळका थेंब थेट चेहऱ्यावर येतो.

रिकामी बाटली, रिकामे पिंप

‘रिकामे’ म्हणून लेबल फाडून टाकणे घातक असते. ज्वलनशील द्रवाच्या रिकाम्या पिंपात वाफ आणि हवा यांचे मिश्रण असते आणि भरलेल्या पिंपापेक्षा ते अधिक सहज स्फोट करते. असे पिंप गॅस कटरने कापताना किंवा वेल्डिंग करताना माणसे दगावतात. मूळ लेबल शाबूत ठेवा, झाकण घट्ट लावा आणि भरलेल्या पिंपाइतकीच काळजी घ्या. सेफ्टी डेटा शीटच्या तेराव्या विभागात सांगितल्याप्रमाणे ते स्वच्छ झाले, धुतलेले पाणीही रासायनिक कचऱ्यात गेले, की त्यानंतरच जुने लेबल पूर्ण खोडा, म्हणजे पुढच्या माणसाला पिंपात अजून रसायन आहे असे वाटणार नाही.